शनिवारचं अंगण

ॲन आर्बर हे मिशिगन राज्यातलं विद्यापीठाचं गाव. 2020 च्या जनगणनेत इथली लोकसंख्या होती 1,23,851. विद्यापीठाच्या फुटबॉल स्टेडियममधल्या जागा आहेत 1,07,601. या दोन आकड्यांचा मेळ घालण्यात माझी उमेदीची वर्षं गेली, कारण मी वाहतूक अभियंता होते. मिरजेत वाढले, सांगलीच्या वालचंद कॉलेजात सिव्हिल केलं, लग्न होऊन इकडे आले आणि पुढे रस्ते, सिग्नल, पार्किंग यांतच रमले. आता निवृत्त आहे. घर स्टेडियमपासून चालत दहा मिनिटांवर. त्यामुळे सप्टेंबर ते नोव्हेंबर, ज्या शनिवारी सामना असेल त्या शनिवारी, माझ्या अंगणात अनोळखी माणसांच्या गाड्या उभ्या असतात. आजूबाजूच्या सगळ्याच अंगणांत असतात.

हा फुटबॉल म्हणजे अमेरिकन फुटबॉल. लांबट चेंडू छातीशी धरून पळण्याचा. खेळाबद्दल लिहिणारे पुष्कळ आहेत. मला लिहायचंय ते गाड्यांबद्दल. एका दिवसासाठी लाखभर माणसं येतात, रात्री निघून जातात, आणि त्यांच्या गाड्या ठेवायला कुणी कधी पुरेशी जागा बांधलीच नाही. तरी जवळजवळ शंभर वर्षं हे चाललंय. कसं चाललंय, तो या गावाचा इतिहास आहे, आणि तो मला फार मोलाचा वाटतो.

आधी हिशेब मांडते. विद्यार्थी आणि गावातले लोक पायी येतात. ते वीस-बावीस हजार धरून वजा करा. उरले पंच्याऐंशी हजार. एका गाडीत तिघे धरले तर अठ्ठावीस हजार गाड्या झाल्या. एक गाडी उभी करायला, तिला आत-बाहेर यायला वाट सोडून, साधारण पंचवीस चौरस मीटर लागतात. म्हणजे पावणेदोनशे एकर. स्टेडियमलगत फरसबंद जागा आहे, पण ती प्रामुख्याने देणगीदारांना आणि परवानाधारकांना मिळते. बाकीच्यांनी काय करायचं?

सुरुवातीला हा प्रश्नच नव्हता. विसाव्या शतकाच्या आरंभी सामने फेरी फील्डवर होत आणि प्रेक्षक आगगाडीने येत. मिशिगन सेंट्रल रेल्वेचं दगडी स्टेशन 1886 सालचं. ते अजून उभं आहे, आता तिथे रेस्टॉरंट आहे. डेट्रॉइटहून विजेवर चालणारी आंतरशहरी ट्रामही होती. सामन्याच्या दिवशी जादा गाड्या सुटत, लोक स्टेशनवर उतरून मैदानापर्यंत चालत जात.

मग मोटार आली, आणि ती आली ती आमच्याच शेजारून. फोर्डचे कारखाने इथून पन्नास-साठ किलोमीटरवर. 1920 च्या दशकात मॉडेल टीची किंमत तीनशे डॉलरच्या आत उतरली होती. ज्या 1927 सालच्या मे महिन्यात दीड कोटीवी मॉडेल टी बाहेर पडली आणि त्या गाडीचं उत्पादन थांबलं, त्याच वर्षी 1 ऑक्टोबरला मिशिगन स्टेडियममध्ये पहिला सामना झाला. तीन आठवड्यांनी, 22 ऑक्टोबरला, ओहायो स्टेट विद्यापीठाविरुद्ध उद्घाटनाचा सोहळा झाला तेव्हा क्षमता होती 84,401. आणि गाव केवढं? 1930 च्या जनगणनेत 26,944 माणसांचं. गावाच्या तिपटीहून मोठं स्टेडियम.

ते बांधून घेतलं फील्डिंग योस्ट यांनी. हे आधी प्रशिक्षक होते, नंतर क्रीडाविभागाचे प्रमुख झाले. दूरदृष्टीचा माणूस. पैसा उभारायला पाचशे डॉलरचे तीन हजार रोखे काढले. रोखे घेणाऱ्याला व्याज मिळे आणि तिकिटं विकत घेण्याचा हक्कही. पाया मात्र असा घातला की पुढे कधी एक लाख माणसं बसवायची झाली तरी तो पेलेल. स्टेडियमचा बराचसा भाग जमिनीच्या पोटात आहे. जुनी छायाचित्रं पाहिली तर रस्त्यावरून ते बुटकं दिसतं. आत पाऊल टाकलं की उतार एकदम खाली जातो. अभियंता म्हणून मला योस्ट यांच्याबद्दल मनापासून आदर आहे. माणसांच्या बसण्याचा विचार त्यांनी तीस वर्षं पुढचा केला. ती माणसं येणार कशाने, याचा विचार त्या काळात कुणीच करत नव्हतं. आजूबाजूला शेतं आणि मोकळे माळ होते, गाडी कुठेही उभी राहत असे. 1929 मध्ये आंतरशहरी ट्राम बंद पडली. खास आगगाड्या पुढेही काही काळ आल्या, पण लोक गाडीला सोकावले ते सोकावलेच.

या सगळ्या कथेत माझ्या मते खरं वळणाचं वर्ष 1956. त्या वर्षी तीन गोष्टी घडल्या. जूनच्या अखेरीस अध्यक्ष आयझेनहॉवर यांनी आंतरराज्य महामार्गांच्या कायद्यावर सही केली. डेट्रॉइट आणि शिकागो जोडणारा महामार्ग गावाच्या दक्षिणेला, स्टेडियमपासून अगदी जवळ आहे, तो त्याच जाळ्यातला. दुसरं, स्टेडियमची क्षमता वाढून 1,01,001 झाली. आणि तिसरं, गावाच्या हायस्कूलची इमारत स्टेडियमच्या समोर आली. जुनी शाळा गावात मधोमध होती. ती इमारत विद्यापीठाने घेतली आणि नवी शाळा रस्त्यापलीकडच्या मोकळ्या जागेत बांधली. आज तिचं नाव पायोनियर हायस्कूल.

नव्या शाळेला मोठी मैदानं होती, गाडी चालवणाऱ्या मुलांसाठी पार्किंग होतं, आणि शनिवारी शाळेला सुट्टी. समोर लाख माणसांचं स्टेडियम. पुढे काय झालं असेल ते सांगायला नको. आजही सामन्याच्या दिवशी शाळेची फरसबंद जागा भरली की गाड्या गवतावर चढतात, आणि ते उत्पन्न गावच्या सरकारी शाळांच्या तिजोरीत जातं. ओहायोहून आलेला प्रेक्षक आपल्या संघाचा झेंडा गाडीवर लावून येतो आणि जाताना इथल्या मुलांच्या शिक्षणाला हातभार लावून जातो. सार्वजनिक पैशाचे पुष्कळ मार्ग मी नोकरीत पाहिले. याहून सरळ मार्ग पाहिला नाही.

शाळेजवळच्या चौकाच्या पलीकडच्या कोपऱ्यावर विद्यापीठाचं गोल्फ मैदान आहे. ते 1931 साली खुलं झालं. आराखडा ॲलिस्टर मॅकेन्झी यांचा. जगप्रसिद्ध ऑगस्टा नॅशनल मैदानाच्या आराखड्यातही त्यांचा हात आहे. गोल्फचे शौकीन ज्या हिरवळीवर पाऊल जपून टाकतात, तिथे शनिवारी सकाळी गाड्यांच्या रांगा लागतात. डिक्की उघडतात, शेगड्या पेटतात, घडीची टेबलं मांडली जातात. या गाडीमागच्या जेवणाला टेलगेटिंग म्हणतात. फक्त पावसाची भीती. जमीन भिजली असेल तर चाकं रुततात, मग हिरवळ बंद ठेवावी लागते आणि तिथल्या गाड्या गल्ल्यांमध्ये शिरतात.

त्या गल्ल्या आमच्या. इथे पार्किंगचं काम लोकांनी स्वतः अंगावर घेतलं. एरवी घरापुढच्या हिरवळीवर गाडी लावायला शहराच्या नियमाने बंदी आहे. फुटबॉलच्या शनिवारसाठी मात्र नियमातच सवलत ठेवलेली आहे. प्रथा आधी रुजली, कायद्याने तिला मागाहून जागा करून दिली, असंच मी समजते. सकाळी आठच्या सुमारास पुठ्ठ्यावर जाड मार्करने भाव लिहिला जातो. प्रतिस्पर्धी ओहायो स्टेट किंवा मिशिगन स्टेट असेल तर भाव चढा. एखादा दुबळा संघ असेल तर उतरता. पोरंटोरं हातात झेंडा घेऊन रस्त्याच्या कडेला उभी राहतात. व्यवहार रोखीचा.

गाड्या लावण्याचंही एक शास्त्र आहे, आणि ते मी पुस्तकात शिकले नव्हते. सामना संपला की लगेच निघायचं असेल त्याची गाडी रस्त्याच्या तोंडाशी. त्या जागेला ‘ईझी आउट’ म्हणतात आणि तिचे पैसे जास्त. आरामात जेवून जाणारे मागे, एकामागे एक. कोण केव्हा निघणार हे आधीच विचारून घ्यावं लागतं. हे मला शिकवलं ते शेजारच्या आजोबांनी. ते निवृत्त मोटार कामगार. त्यांच्या अंगणात सात गाड्या मावत. नकाशावर मला पाचच बसवता आल्या असत्या. दोरी, चार खुंट्या आणि प्रत्येक गिऱ्हाइकाचा स्वभाव ठाऊक, एवढ्यावर त्यांचं चाले. त्यांच्याकडे टोलेडोहून एक कुटुंब येई. आधी वडील येत, मग मुलगा, मग मुलाची मुलगी गाडी घेऊन येऊ लागली. जागा तीच, मेपलच्या झाडाखालची.

आई मिरजेहून आली होती तेव्हा खिडकीशी बसून हे सगळं बघत होती. म्हणाली, “अगं, हे तर पंढरपूरसारखं झालं. आषाढीला आपल्या आत्याकडे नाही का तीच दिंडी दर वर्षी उतरते.” मी मान हलवली. पंढरपुरात धर्मशाळा आहेत, मठ आहेत, तरी घरोघरच्या ओसऱ्या उघडल्याशिवाय वारी सामावत नाही. इथेही लाख माणसं सामावतात ती घरांनी जागा दिली म्हणून.

अर्थात स्टेडियम कायम भरत होतं असं नाही. 1960 च्या दशकात कित्येक शनिवारी हजारो जागा रिकाम्या राहत. 1968 मध्ये डॉन कॅनहॅम क्रीडाविभागाचे प्रमुख झाले आणि त्यांनी सामन्याचा दिवस घरच्या सगळ्यांनी मिळून घालवायचा दिवस करून टाकला. बायका, मुलं, डबे घेऊन सकाळीच या. 8 नोव्हेंबर 1975 पासून इथल्या सामन्यांना लाखावर गर्दी होऊ लागली. ती साखळी कोविडच्या 2020 सालापर्यंत तुटली नाही. सकाळीच येणाऱ्या कुटुंबाला गाडीजवळ बसायला, स्वयंपाक करायला, मुलांना खेळायला जागा लागते. अंगणाला खरा भाव आला तो तेव्हापासून.

दुसऱ्या विद्यापीठांनी हा प्रश्न आपापल्या भूगोलाप्रमाणे सोडवला. टेनेसीत नॉक्सव्हिलला 1962 साली जॉर्ज मूनी नावाचे निवेदक रस्त्यावरची कोंडी टाळायला होडीने नदीतून सामन्याला आले; त्यांच्यामागे इतके लोक होड्या घेऊन आले की तो ताफा आज ‘व्हॉल नेव्ही’ म्हणून ओळखला जातो. सिॲटलला सरोवराच्या काठी स्टेडियम असल्याने तिथेही होड्या लागतात. मिसिसिपीच्या ऑक्सफर्डमध्ये झाडीच्या बागेत गाड्या घुसून पावसात चिखल झाला, तेव्हा 1991 पासून तिथे गाड्यांना बंदी झाली आणि तंबू आले. आमच्याकडे मोठी नदी नाही. आमच्याकडे घरं आहेत.

अलीकडे दोन बदल झाले. 10 सप्टेंबर 2011 ला नोटर डेमविरुद्ध इथला पहिला रात्रीचा सामना झाला. पूर्वी दुपारी एकला खेळ सुरू होई आणि अंधाराच्या आत गल्ली मोकळी. आता रात्रीचा सामना असला की सकाळी आलेली गाडी मध्यरात्र उलटल्यावर निघते; म्हाताऱ्या माणसांना तेवढा वेळ जागं राहणं झेपत नाही. दुसरं, बॉस्टन मॅरेथॉनमधल्या स्फोटांनंतर 2013 मध्ये सामन्याच्या वेळी स्टेडियमलगतचा मेन स्ट्रीट बंद ठेवायला सुरुवात झाली. सुरक्षेसाठी ते योग्यच आहे. पण त्यामुळे गाड्यांचा लोंढा अधिकच घरांच्या वाटांवर वळला.

बहुमजली वाहनतळ बांधा, असं सुचवणारे अधूनमधून भेटतात. मी आयुष्यभर असेच आराखडे केले, म्हणून स्पष्ट सांगते: बांधू नये. सात-आठ दिवसांसाठी काँक्रीटचे मजले उभारायचे आणि उरलेले साडेतीनशे दिवस त्यांची देखभाल करायची, हा तोट्याचा व्यवहार आहे. त्याच पैशात बसची सेवा वाढवता येईल. आणि अंगणातल्या पैशाने या गल्ल्यांमध्ये घरपट्टी भरली जाते, मुलांच्या सायकली येतात, म्हाताऱ्यांचं छप्पर दुरुस्त होतं. तो पैसा वाहनतळाकडे वळला तर यातलं काहीच होणार नाही.

पुण्या-मुंबईची, नागपूर-कोल्हापूरची मुलं इथे शिकायला येतात आणि त्यांचे आईवडील हटकून शरद ऋतूत भेटायला येतात, पानं लाल झालेली बघायला. त्यांना माझं सांगणं आहे की सामन्यांचं वेळापत्रक आधी पाहा. शनिवार सामन्याचा असेल तर घाबरून गाव टाळू नका. तिकीट नसलं तरी चालेल. सकाळी दहाच्या आत या, खिशात रोख ठेवा, आणि शाळेचं मैदान भरलं असेल तर पॉलीन बुलेव्हार्डच्या बाजूच्या गल्ल्यांत वळा. किती वाजता निघणार ते घरमालकाला खरंखरं सांगा, त्यावरच तुमच्या मागच्या-पुढच्या गाड्यांचा हिशेब बसतो. गवत ओलं असेल तर चाकं गरगर फिरवू नका. ते गवत पुढच्या सामन्यालाही लागणार आहे.