कणकेच्या वेलबुट्टीतली कोंबडी

चोपड्याबाहेर बाभळीच्या सावलीला उभे राहा आणि रस्ता मोकळा सोडा. समोरून बैल येताहेत, पाठीवर धान्याच्या गोण्या. मोजायला जाऊ नका, धूळ खाली बसेपर्यंत दुसरा तांडा येतो. या वाटेवर एका दिवसात दहा हजार लादलेले बैल भेटले, असं एक इंग्रज आपल्या रोजनिशीत लिहिणार आहे. तो इंग्रज आत्ता तुमच्यापासून हाकेच्या अंतरावर आहे.

सन १६१५, नोव्हेंबर महिना. धुळ्याची पेठ वसवणारा कॅप्टन ब्रिग्ज यायला अजून दोनशे वर्षं आहेत. खानदेशाची राजधानी बुऱ्हाणपूर, आणि सुरतेहून निघालेली सगळी वर्दळ तिकडेच चालली आहे. डाव्या हाताला सातपुडा, उजवीकडे तापी, मध्ये काळी जमीन. तो इंग्रज म्हणजे सर टॉमस रो, पहिल्या जेम्स राजाचा वकील. जहांगीर बादशहाला भेटायला तो अजमेरला निघाला आहे, पण आधी बुऱ्हाणपुरात शहाजादा परवेझची गाठ घ्यायची आहे.

तुम्ही रोच्या मागे लागू नका. राजकारण पुढे चालतं, भांडी मागून येतात. तुम्ही भांड्यांबरोबर चाला.

रोकडे एक इंग्रज स्वयंपाकी आणि एक हिंदुस्थानी स्वयंपाकी असे, असं त्याचा नंतरचा पाद्री एडवर्ड टेरी सांगतो. वकिलातीच्या एका इंग्रज स्वयंपाक्याचे प्रतापही टेरीनेच लिहून ठेवलेत. सुरतेत पाऊल ठेवल्या ठेवल्या हा गडी दारू ढोसून बाहेर पडला आणि वाटेत भेटलेल्या सुभेदाराच्या भावावर तलवार उपसून धावला. प्रकरण निभावलं, हे त्याचं नशीब. तेव्हा गाडीमागे चालताना त्याच्याशी जरा जपून.

वाटेवर त्याची चिडचिड तुम्हाला कळते. गुरं उदंड, पण गावोगावचे वाणी जीव मारत नाहीत आणि मारायला विकतही नाहीत. पाव तर सुरत सोडल्यापासून थेट नंदुरबारला मिळाला. एरवी सगळीकडे तव्यावरची पोळी नाहीतर भाकरी. तुम्हाला यात अडचण काय ते कळत नाही. त्याला कळतं. पाव नाही म्हणजे गावात भट्टी नाही, आणि भट्टी नाही म्हणजे त्याची निम्मी विद्या गाठोड्यात बांधलेली.

चार मुक्कामांनी बुऱ्हाणपूर येतं. राजधानी म्हणून मान उंच करून बघाल तर निराश व्हाल. शहाजाद्याचा वाडा, सेनापती खानखानान अब्दुर्रहीमचा वाडा आणि आणखी काही घरं सोडली तर बाकी मातीच्या झोपड्या. रोला सराईत चार खोल्या मिळतात: विटांच्या, वरून गोल घुमटाच्या आणि इतक्या लहान की तो त्यांना भट्ट्याच म्हणतो. वकील वैतागतो. नोव्हेंबरच्या अठरा तारखेला तो परवेझच्या दरबारात जातो, तिथे मुजरा करायला नकार देतो, नजराणे देतो आणि इंग्रजांना इथे वखार घालू द्यावी म्हणून अर्ज करतो. शहाजादा त्याला नंतर एकांतात भेटायचं कबूल करतो. पण नजराण्यात बाटल्यांची एक पेटी होती. ती उघडली, शहाजादा झिंगला आणि भेट राहिली ती राहिलीच. रो पुढे तापाने आडवा होतो.

इथून पुढचं कुणाच्या रोजनिशीत नाही. ते तुम्हीच बघायचं.

मालक आजारी, काम थोडं. अशा वेळी इंग्रज स्वयंपाक्याला बरोबर घ्या आणि शहाजाद्याच्या मुदपाकखान्यातला एखादा ओळखीचा गाठून आत शिरा. पहिली गोष्ट जाणवेल ती म्हणजे वासात मिरची नाही. खानदेशी माणसाला हे अवघड जातं, पण ‘ऐन-ए-अकबरी’तल्या पाककृतींत तिखटपणा मिऱ्यांचा आणि आल्याचा. तो ग्रंथ लिहिणारा अबुल फझल असीरगडच्या वेढ्याच्या वेळी याच मुलखात होता. जानेवारी १६०१मध्ये गड पडला, अकबराने आपल्या मुलाच्या, दानियालच्या नावावरून सुभ्याला दानदेश म्हणायला सुरुवात केली, आणि ऐनमध्ये खानदेशचं प्रकरण याच नावाने आहे. त्याच ग्रंथात मुसम्मन आहे. ती आता तुमच्या डोळ्यांसमोर चालली आहे.

बावर्ची कोंबडीच्या मानेतून बोटं आत घालतो आणि एकेक हाड बाहेर काढतो. कातडीला कुठे चीर नाही. सगळी हाडं निघाल्यावर पाटावर नुसती पिशवी उरते, तिला कोंबडीचा आकार आठवतो एवढंच. आत अर्धा शेर खिमा, वर अर्धा शेर तूप, ५ अंडी, पाव शेर कांदा, धणे, आलं, मिरे आणि केशर. पिशवी भरते, फुगते, पुन्हा कोंबडी होते.

शेजारच्या चुलीवर दमपुख्त आहे. देगेच्या काठावर कणकेची लांब वळी फिरवली आहे, वर झाकण दाबलंय, झाकणावर निखारे. वाफ आतच कोंडली पाहिजे. पुढे शाही ताटात जाताना भांडी कापडात बांधली जातात, सोन्या-चांदीची लाल कापडात, तांब्याची आणि चिनी मातीची पांढऱ्यात, आणि मीर बकावल, म्हणजे मुदपाकखान्याचा मुख्य अधिकारी, वर पदार्थाचं नाव लिहून आपला शिक्का मारतो. विषाची धास्ती असलेल्या घराण्यात झाकण कुणी उघडलं नाही, हीच मोठी शोभा.

आता आपला इंग्रज स्वयंपाकी बोलू लागतो. त्याच्या देशात सणाच्या पक्ष्याला कणकेची पेटी करतात. लंडनमध्ये याच वर्षी जर्व्हेस मार्कहॅमचं गृहिणींसाठीचं पुस्तक छापलं गेलंय, त्यात कोणत्या मांसाला कोणती पारी ते नेमून दिलंय. हरीण, रानडुक्कर, हंस यांसारखं बरेच दिवस टिकवायचं असेल तर राय नावाच्या धान्याच्या पिठाची जाड, धट्टीकट्टी पारी. टर्की, मोर, तितर पानावर दोन-चारदा यायचे असतील तर पांढऱ्या गव्हाची, जरा जाडसर. गरमागरम संपवायचं असेल तर सगळ्यात पातळ आणि खुसखुशीत. भाजून झालं की वरच्या भोकातून वितळलेलं लोणी ओततात, ते थिजून हवा अडवतं. ही पेटी म्हणजे त्यांचं फडताळ.

टर्की तुम्हाला माहीत आहे. बादशहालाही माहीत आहे. तीन वर्षांपूर्वी, १६१२मध्ये, मुकर्रबखानाने गोव्याहून आणलेल्या नवलाईत हा पक्षी होता. लांडोरीपेक्षा मोठा, मोरापेक्षा लहान, आणि मान सरड्यासारखी रंग पालटणारी, असं जहांगीरने आत्मचरित्रात लिहिलं, आणि उस्ताद मन्सूरने त्याचं चित्र काढलं. इथे तो पक्षी रंगवला गेला. तिकडे हॉलंडमध्ये पीटर क्लास १६२७ साली तोच रंगवणार आहे, पण कणकेच्या भल्यामोठ्या पेटीवर, पिसांसकट, पंख पसरून बसवलेला. आत काय आहे ते सांगण्याचा तो डौल.

इंग्रजाला तयार मुसम्मन दिसते आणि त्याचे हात शिवशिवतात. हाडच नाही! पेटीत घातली तर सुरी आरपार जाईल, प्रत्येक काप अख्खा पडेल. तो पीठ मागतो. उकळत्या पाण्यात तूप घालून ते पिठावर ओततो. हे तुम्ही ओळखता: एकाच वेळी उकड आणि मोहन. उकळत्या पाण्याने पिठातला स्टार्च शिजतो, म्हणून भिंत उभी राहते. तुपाने ती कडक होत नाही, खुसखुशीत राहते. तो भिंत चढवतो, कोंबडी आत ठेवतो, वर पारी घालतो.

आणि भांडण सुरू होतं. बावर्ची म्हणतो, देगेत ठेव, झाकणाला कणीक लाव, दम दे. इंग्रज डोक्याला हात लावतो. वाफ कोंडली तर पेटीचा लगदा होईल. त्याला कोरडी आच हवी. दोघंही खरं बोलताहेत. दमाला ओल हवी, पारीला ती चालत नाही. शेवटी तोडगा निघतो: कोंबडी आधी दमात शिजेल, पूर्ण निवेल, मग पेटीत जाईल. आणि पेटी रिकाम्या देगेत विटेवर बसेल, खाली निखारे, झाकणावर निखारे, काठाला कणीक नाही. वाफ निघून जाऊ द्या.

कोंबडी निवेपर्यंत वेलबुट्टी होते. इंग्रज उरलेल्या उंड्याची पानं कापतो, सुरीच्या टोकाने शिरा उमटवतो, एक चोच करतो, पिसं एकावर एक चिकटवतो. कड मिटवताना मात्र त्याचा अंगठा अडखळतो. सरका पुढे. करंजीला घालता तशी मुरड घाला, एकेक चिमूट पुढच्या चिमटीवर दुमडत. तो थांबून बघतो, मग बाजूला होतो. अंड्याच्या बलकात केशर कालवून तुम्ही वरून पुसता. केशरावर दोन्ही स्वयंपाक्यांचं एकमत आहे.

चोपड्याहून बरोबर आलेला पोऱ्या मघापासून वाकून बघतोय. "दादा, हाई काय शे? खावानं शे का देखानं?"

प्रश्न रास्त आहे. राय-पिठाच्या पेटीचं उत्तर वेगळं असतं, तिच्या जाड भिंतीवर दात कोण मोडणार? पण ही गव्हाची आहे आणि तिला मोहन आहे. मुख्य फरक दुसराच. तिकडे कणीक आतला पक्षी बाहेर सांगते. इकडे देगेवरची कणीक आतलं काहीच सांगत नाही, झाकण उघडलेलं नाही एवढीच ग्वाही देते, आणि दम मोडला की लोक ती काढून टाकतात. एका घरात कणीक सणाला मिरवते, दुसऱ्यात पहारा देते. टेरीला पुढे बादशहाचा मेहुणा असफखान याच्या मेजवानीत एकट्यासमोर ५० थाळ्या दिसतील, रोसमोर ७०, यजमानासमोर ६०. इतक्या थाळ्या मांडता येत असतील तर एकाच पेटीवर सगळी कलाकुसर ओतायची गरज राहत नाही.

देग उघडते. पानं सोनेरी, चोच जरा करपलेली, मुरड शाबूत. पोऱ्याला पहिला काप द्या, कडेचा.

आणि जळगावला परत आलात की डिसेंबरात ओव्हन तापवण्याआधी चार गोष्टी ध्यानात ठेवा. कोंबडी सोलून द्यायला सांगू नका, कातडीसकट घ्या. हाडं स्वतःच काढा, खाटीक वेळ नाही म्हणेल. शिजलेली कोंबडी पूर्ण निवल्याशिवाय पारी लावू नका, नाहीतर तूप वितळून पानं घसरतील. वर वाफेला एक भोक ठेवा. आणि मिरची घालायचा मोह झालाच तर घाला. अबुल फझल विचारायला येणार नाही.