कैलास लेण्याच्या शिल्प्याचा विस्मय

वेरूळचें कैलास लेणें राष्ट्रकूट पहिल्या कृष्णराजाचें, हें बहुतेक विद्वान् कर्कराजाच्या शके ७३४ (इ. स. ८१२) च्या बडोदें ताम्रपटावरून मानतात. त्या ताम्रपटांत असें वर्णन आहे कीं, विमानचारी देव तर तें देवालय पाहून थक्क झालेच; पण खुद्द शिल्पीहि, हें आपल्या हातून झालें तरी कसें, म्हणून चकित झाला. देवांमुळें शिल्प्याचा विस्मयहि लोक अतिशयोक्तींत जमा करतात. आम्हांस तें मान्य नाहीं. इतर देवालयें पायापासून चढतात. हें शिखरापासून उतरलें. तीन बाजूंनीं चर खणून मधला खडक सुटा केला. मागील कडा सुमारें १०७ फूट तुटला. शिखरावर टांकी चालली असतां जोत्याचे हत्ती डोंगराच्या पोटांतच होते. काळा पाषाण तो. उडालेली कपची पुन्हां बसावयाची नाहीं. अंगण मोकळें होईपर्यंत संपूर्ण कृति कर्त्यानेंहि पाहिलेली नव्हती. तेव्हां हा विस्मय कविकल्पना नसून कारागिराचा अनुभव होय, असें आमचें मत आहे. राजांची वंशावळ विस्तारानें देणाऱ्या प्रशस्तिकारानें या शिल्प्याचें नांव मात्र दिलेलें नाहीं.