मुदत सरली, मग घर रिकामे कधी?

शेतजमिनीच्या कुळाची गोष्ट चावडीवर नेहमी निघते. घराच्या भाडेकऱ्याची क्वचितच. पण बदली होऊन तालुक्याच्या गावी आलेले गुरुजी अकरा महिन्यांच्या करारावर खोली घेतात, तेव्हा एक प्रश्न त्यांच्यापुढे असतो आणि घरमालकापुढेही. मुदत सरली, त्याच दिवशी मालकाने गुरुजींचे सामान उचलून ओसरीवर ठेवले, तर ते चालेल काय?

उत्तरासाठी जरा मागे जाऊ या. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याप्रमाणे ठराविक मुदतीचा भाडेपट्टा मुदत सरताच संपतो. त्याला नोटीस लागत नाही. मात्र पुढेही भाडे घेऊन मालकाने राहू दिले, तर राहत्या घराचा पट्टा महिन्यामहिन्याने चालू राहिला असे धरतात. मग तो संपवायला पंधरा दिवसांची नोटीस द्यावी लागते. म्हणजे त्या काळी कागदावरची तारीख बलवान होती.

पहिल्या महायुद्धात मुंबईत माणसे वाढली, घरे पुरेनात, भाडी भडकली. तेव्हा १९१८ साली भाडेनियंत्रणाचा कायदा आला. दुसऱ्या महायुद्धाच्या वेळी तसेच कायदे पुन्हा करावे लागले. त्यांच्यामागून १९४७ चा मुंबई भाडेनियंत्रण कायदा आला आणि १३ फेब्रुवारी १९४८ पासून लागू झाला. त्याने तारखेचे बळच काढून घेतले. भाडेकरू प्रमाणित भाडे देतो आहे, घर नीट राखतो आहे, तोवर नुसती मुदत संपली म्हणून त्याला काढता येईना. कारण दाखवावे लागे: भाडे थकले, घराची नासधूस झाली, पोटभाडेकरू ठेवला, किंवा मालकाला स्वतःलाच घराची खरी गरज आहे. गरज खरी ठरली तरी, अधिक हाल कोणाचे होतील हे न्यायालय तोलून पाही.

मग मालकांनी निराळी वाट काढली. भाडेपट्ट्याऐवजी ‘लीव्ह अँड लायसन्स’, म्हणजे नुसती राहण्याची परवानगी, असा कागद होऊ लागला. सरकारनेही १९७३ साली दुरुस्ती केली, आणि १ फेब्रुवारी १९७३ रोजी अशा परवानगीवर राहणारे लोक भाडेकरू ठरले. त्याचा धसका घेऊन कित्येकांनी घरे कुलूप लावून ठेवणे पत्करले.

३१ मार्च २००० पासून महाराष्ट्र भाडेनियंत्रण कायदा, १९९९ लागू झाला. तो परिशिष्टांत नोंदलेल्या गावा-शहरांपुरता आहे. आता बघा, दारावरची पाटी एकच असते, ‘भाड्याने देणे आहे’. पण कागद दोन प्रकारचे. भाडेपट्टा असेल, तर भाडेकऱ्याला पूर्वीसारखेच संरक्षण आहे. थकबाकीसाठी दावा लावायचा, तरी आधी नव्वद दिवसांची लेखी नोटीस लागते. राहण्यासाठीचा लीव्ह अँड लायसन्स करार असेल, तर मात्र तारीख पुन्हा बलवान झाली आहे. मुदत सरल्यावर जागा सोडली नाही, तर ठरलेल्या शुल्काच्या दुप्पट भरपाई द्यावी लागते, आणि मालक सक्षम प्राधिकाऱ्याकडे अर्ज करू शकतो. त्या अर्जाचे समन्स हाती आले की तीस दिवसांत लेखी म्हणणे मांडण्याची परवानगी मागावी लागते. ती मागितली नाही, तर मालकाचेच म्हणणे कबूल केले असे धरतात.

पण अधिकार मिळाला म्हणून मालकाला हात उगारता येत नाही. कुलूप बदलणे, पाणी-वीज तोडणे, सामान रस्त्यावर टाकणे, यांतले काहीच त्याला स्वतःच्या मनाने करता येत नाही. बळजबरीने बाहेर काढलेल्या माणसाला १९६३ च्या विशिष्ट अनुतोष कायद्याप्रमाणे सहा महिन्यांच्या आत ताबा परत मागता येतो.

म्हणून गुरुजी, खोलीत पेटी ठेवण्यापूर्वी कागद वाचा. तो कोणत्या प्रकारचा आहे, हे विचारून घ्या. आणि घरमालक हो, हा कायदा लागू आहे तिथे अकरा महिन्यांचा करारही लेखी आणि नोंदणीकृत हवा, ती जबाबदारी तुमची. नोंदणी नसेल, तर करारातल्या अटींविषयी, उलट सिद्ध होईपर्यंत, राहणाऱ्याचेच म्हणणे खरे धरले जाते.