गिरणीवाल्यांनी सुरू केलेली शर्यत आणि आपलं सोलापूर

पोस्ट जरा मोठी आहे, पण सोलापूरकरांनी शेवटपर्यंत वाचावी.

जानेवारी २०२६ मध्ये पुणे जिल्ह्यात 'पुणे ग्रँड टूर' झाली. ४३७ किलोमीटरची, टप्प्याटप्प्यांची आंतरराष्ट्रीय सायकल शर्यत. आपल्याकडं त्यावर मी दोनच गोष्टी ऐकल्या: परदेशी खेळाडूंचं कौतुक आणि तिकडचे रस्ते गुळगुळीत झाल्याचा हेवा. मला मात्र एक जुनी शर्यत आठवली. ती आपल्यासारख्याच एका गिरणगावानं जन्माला घातली.

फ्रान्सच्या उत्तरेला, बेल्जियमच्या सीमेजवळ रुबे नावाचं शहर आहे. शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी तिथं जिकडं बघाल तिकडं कापडगिरण्यांची धुराडी. थिओडोर व्हिएन आणि मोरिस पेरेझ या दोन गिरणीमालकांनी १८९५ मध्ये गावात सायकल शर्यतींचं मैदान बांधलं. आता मैदान बांधलं, तर लोक यायला नकोत का? मग त्यांनी पॅरिसहून थेट आपल्या गावापर्यंत एका दिवसाची शर्यत घ्यायचं ठरवलं. एप्रिल १८९६ मध्ये पहिली 'पॅरिस-रुबे' झाली. अंतर सुमारे २८० किलोमीटर. जिंकला जर्मनीचा जोसेफ फिशर. पुढची दोन वर्षं मोरिस गारँ जिंकला. हा मूळचा इटलीतला, लहानपणी धुराडी साफ करून पोट भरणारा पोरगा. १९०३ ची पहिली 'टूर द फ्रान्स' यानंच जिंकली.

पहिल्या महायुद्धात हा सगळा मुलूख बेचिराख झाला. १९१९ मध्ये शर्यत पुन्हा घ्यायची म्हणून आयोजक आणि पत्रकार रस्ता बघायला निघाले. ते उद्ध्वस्त रान बघून त्यांनी नाव दिलं, 'उत्तरेतला नरक'. ते नाव आजही टिकून आहे.

खरी गंमत पुढं आहे. दुसऱ्या महायुद्धानंतर गावोगावी डांबरीकरण सुरू झालं. आपल्या गावचा खडबडीत दगडी रस्ता जगाला दिसावा, याची तिथल्या पुढाऱ्यांना लाज वाटायची. रस्ते सुधारले, पण शर्यतीचा जीवच जायची वेळ आली. तेव्हा आयोजकांनी दगडी वाटा हुडकायला सुरुवात केली. जाँ स्टाब्लिन्स्की या नामवंत सायकलपटूनं त्यांना आरेनबर्गच्या जंगलातली वाट सुचवली. तरुणपणी तो त्याच भागात कोळशाच्या खाणीत कामाला होता. १९६८ पासून ती वाट शर्यतीत आली. आज एकूण सुमारे २६० किलोमीटरपैकी पन्नासहून जास्त किलोमीटर दगडी रस्ता आहे. तो जपायला स्थानिक स्वयंसेवकांची संघटना आहे. निखळलेले दगड ही माणसं हातानं परत बसवतात. विजेत्याला बक्षीस म्हणून मिळतो त्याच रस्त्यातला एक दगड! २०२१ पासून महिलांचीही शर्यत होते.

रुबेच्या बहुतेक गिरण्या कधीच बंद पडल्या. पण आजही दरवर्षी शर्यत त्याच गावात संपते आणि सगळं जग रुबेचं नाव घेतं. गिरणीमालक गेले, गिरण्या गेल्या, शर्यत राहिली. का राहिली? माझं उत्तर साधं आहे: गावानं ती आपली मानली.

आपल्या महाराष्ट्रात मुंबई-पुणे सायकल शर्यत होतीच की. बोरघाट सगळ्यात आधी चढणाऱ्याला 'घाटाचा राजा' म्हणायचे. जुन्या लोकांना तो किताब अजून आठवतो. पण ही शर्यत कधी झाली, कधी खंड पडला. प्रायोजक मिळेल का, वाहतूक अडवता येईल का, यावर सगळं अवलंबून. रस्त्याकडेच्या गावांनी तिला आपली जत्रा मानलं असतं तर चित्र वेगळं दिसलं असतं, असं मला वाटतं.

आता आपलं बघा. जुनी गिरणी, नरसिंग गिरजी, लक्ष्मी, विष्णू. भोंग्यावर घड्याळ लावणारं गाव आपलं. पाळी सुटली की सायकलींचा लोंढा रस्त्यावर यायचा, हे घरोघरी ऐकायला मिळतं. गिरण्या गेल्या, चादर आणि टॉवेलवर गावानं तग धरला. पण त्या कामगारांच्या सायकलीची आठवण आपण कशात जपली, सांगा?

माझी मागणी मोठी नाही. सोलापूर ते तुळजापूर आणि परत, वर्षातून एक दिवस, एक शर्यत. अंतर शंभरच्या आत, वाटेत चढण आहेच. कुणी म्हणेल, रस्ता कसा बंद ठेवणार? अहो, कोजागरीला लाखो लोक याच रस्त्यानं चालत आईच्या दर्शनाला जातात. तेव्हा वाहतूक वळवतोच ना आपण? पाण्याची, फराळाची सोय गल्लीबोळातली मंडळं करतातच ना? हे सगळं आपल्याला येतं.

रुबेला दोन माणसांनी सुरुवात केली होती. सोलापुरात दोन माणसं मिळणार नाहीत?