पोथीला विचारलेला पाऊस

पुस्तक उघडून उद्याचे विचारण्याची रीत जगभर आहे. इराणात यल्दाच्या रात्री हाफिजचा दिवाण उघडतात. उत्तर भारतात रामशलाका या प्रश्नतक्त्याच्या २२५ घरांतून दर नववे अक्षर वेचून चौपाई जुळवतात. या अभ्यासात नव्याने येणाऱ्या वाचकाला मी मात्र तिकडे आधी पाठवणार नाही. त्याने गुढीपाडव्याला शिरूर किंवा दौंड तालुक्यातल्या एखाद्या गावी जावे आणि देवळात पंचांग वाचले जात असेल तिथे मागे जाऊन बसावे.

ऐकणाऱ्यांकडे लक्ष ठेवा. संवत्सराचे नाव, वर्षाचा राजा, मंत्री हे लोक ऐकून घेतात. खरी उत्सुकता असते ती मेघेश, म्हणजे पावसाचा स्वामी, कोण याची. हे दोन्ही तालुके सह्याद्रीच्या पर्जन्यछायेत येतात. भीमेला आणि घोडनदीला पूर येतो तो वरच्या डोंगरातल्या पावसाने. इथल्या बाजरीला आणि ज्वारीला मात्र स्वतःच्या रानात पडणारा पाऊस लागतो, आणि तोच बेभरवशाचा.

पंचांगातले पाऊसमान निघते कसे, हे एकदा स्वतः करून पाहण्यासारखे आहे. सूर्य नव्या नक्षत्रात शिरला की सूर्यनक्षत्रापासून चंद्रनक्षत्रापर्यंत मोजायचे आणि नऊने भागायचे. बाकी एक उरली तर त्या नक्षत्राचे वाहन घोडा, दोन उरली तर कोल्हा, तीन उरली तर बेडूक, आणि काहीच उरले नाही तर हत्ती. बेडूक, म्हैस, हत्ती म्हणजे भरपूर पाऊस. मोर, गाढव, उंदीर म्हणजे मध्यम. कोल्हा आणि मेंढा म्हणजे ओढ. घोड्याचा पाऊस डोंगरावर पडायचा. या गणितात ढग नाही, वारा नाही, गावही नाही. लोणावळ्याला जो हत्ती तोच शिरूरला. म्हणूनच नुसती पोथी कधी पुरली नाही. ती गावाच्या मातीला लावून सांगणारा माणूस लागला.

तो माणूस म्हणजे ग्रामजोशी. बारा बलुत्यांत त्याची गणना होई. त्रिंबक नारायण आत्र्यांचा १९१५ सालचा ‘गाव-गाडा’ वाचल्याशिवाय ही व्यवस्था कळायची नाही. ज्याच्या दारी जोशी येत नसे, त्याच्याकडे भल्या पहाटे कुडमुडे जोशी आणि पिंगळे येत. शिवाय सहदेव-भाडळीची वचने होतीच. त्यांत वारा, वीज, पक्षी, मुंग्या असे डोळ्यांना दिसणारे पुष्कळ काही आहे, आणि मला ती पंचांगाच्या भागाकारापेक्षा जास्त मोलाची वाटतात. उत्तरेत हीच भाडळी भड्डरी होऊन घाघाच्या जोडीने वावरते. शेतकऱ्याने स्वतःची नावेही घडवली: पुनर्वसूचा तो तरणा पाऊस, पुष्याचा म्हातारा.

गणपत कृष्णाजींनी १८३१ मध्ये मुंबईत शिळाप्रेसवर पंचांग छापले आणि पोथी जोश्याच्या हातून सुटायला सुरुवात झाली. पुढे सोलापूरचे दाते पंचांग घराघरांत गेले आणि १९७३ पासून ‘कालनिर्णय’ भिंतीवर आला. शंकर बाळकृष्ण दीक्षितांचा भारतीय ज्योतिषशास्त्राच्या इतिहासावरचा १८९६ सालचा ग्रंथ मी प्रत्येक नव्या अभ्यासकाच्या हाती देतो. पंचांगातले खगोलगणित आणि त्यावर रचलेले फल या दोन गोष्टी वेगळ्या ठेवायला तो शिकवतो.

फल खरे ठरते का? नाही. जयंत नारळीकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००८ मध्ये पुण्यात कुंडल्यांची चाचणी घेतली. २७ ज्योतिष्यांनी उत्तरे दिली आणि त्यांतली सरासरी ४६ टक्के बरोबर आली; नाणे उडवूनही इतकी येतात. वाहनांच्या भागाकाराचा तर पावसाशी कार्यकारणसंबंधच नाही. हे मनाशी पक्के करूनच या विषयात या. त्यानंतरही अभ्यासण्यासारखे खूप उरते. कोरडवाहू मुलखातल्या माणसांनी पिढ्यान्‌पिढ्या कशाची धास्ती घेतली, पेरा केव्हा धरला, बियाणे केव्हा राखून ठेवले, याचा माग या पुस्तकांच्या वापरातून लागतो. प्रश्नही बदलतात. मुठा उजव्या कालव्याचे पाणी दौंडकडे आले, ऊस वाढला, आणि आता मृगाच्या वाहनाइतकीच आवर्तनाच्या तारखेची चौकशी होते. हवामान खात्याच्या अंदाजालाही लोक जुन्याच सवयीने विचारतात: आमच्या गावाचे काय?

या विषयाची खरी साधने ग्रंथालयांत थोडी आणि घरांत जास्त आहेत. वर्ष सरले की पंचांग रद्दीत जाते किंवा नदीत सोडले जाते. त्याच्या समासात कोणी गाय व्याल्याची तारीख लिहिलेली असते, कोणी उसनवारी, कोणी पहिल्या पावसाचा दिवस. तुमच्या माळ्यावर अशी जुनी पंचांगे असतील, तर टाकण्याआधी त्यांचे समास वाचा, फोटो काढून ठेवा आणि ते हस्ताक्षर कोणाचे हे घरातल्या वडीलधाऱ्यांना आजच विचारा.