माळव्यातून लिनक्सकडे: मेलिंग लिस्टची वाट

मुक्त सॉफ्टवेअरचा इतिहास सांगताना लिनक्स, पायथन, पोस्टग्रेस अशी नावे घेतली जातात. ज्या टपालावर हा सारा संसार चालला, त्या मेलिंग लिस्टची आठवण क्वचितच निघते. इंदूरच्या बाजूने पाहिले तर मात्र सुरुवात तिथूनच करावी लागते. १९९० च्या दशकात इंदुरात हुशारीची वाण नव्हती. एसजीएसआयटीएस हे अभियांत्रिकी महाविद्यालय १९५२ पासून होते आणि १९८४ साली पायाभरणी झालेले प्रगत तंत्रज्ञान केंद्र (आजचे राजा रामण्णा केंद्र) शहराच्या कडेला उभे होते. नव्हती ती पुण्या-बंगळुरूसारखी कंपन्यांची वस्ती, जिथे नवे काम कानावर पडते आणि ओळखीने दार उघडते. माळव्यातल्या माणसाला या कामात शिरकाव मिळाला तो मेलिंग लिस्टमुळे, असे माझे म्हणणे आहे. आणि ज्या गुणांमुळे तो मिळाला, तेच गुण पुढे तिचे दोष म्हणून मोजले गेले.

आधी तिची घडण पाहू. १९८६ साली एरिक तोमा यांनी लिस्टसर्व्ह लिहिले आणि यादीत नावे घालण्या-काढण्याचे काम माणसाकडून यंत्राकडे गेले. पुढे मेजरडोमो आला. त्याच्या पत्त्यावर ‘सबस्क्राइब’ आणि यादीचे नाव अशी एक ओळ पाठवली की काम झाले. शिफारसपत्र नाही, वर्गणी नाही, पदवीची चौकशी नाही. भारतात विदेश संचार निगमने १५ ऑगस्ट १९९५ रोजी इंटरनेट खुले केले ते मोठ्या महानगरांत, आणि तेही महाग व संथ. पण ईमेलला वेगाची फारशी गरज नसते. मोडेम जोडायचा, टपाल उतरवून घ्यायचे, फोन मोकळा करायचा आणि उत्तरे निवांत लिहायची. खुद्द सॉफ्टवेअर तर पोस्टानेच यायचे: पीसी क्वेस्ट मासिकाने १९९६ पासून लिनक्सच्या सीडी अंकासोबत दिल्या. त्यामागे अतुल चिटणीस होते, ज्यांचे शिक्षण बेळगावचे. सीडी टपालाने आणि शंका ईमेलने, या जोडीने महानगर आणि जिल्हा यांतले अंतर बरेच कमी केले.

दुसरा गुण दप्तराचा. या भागाला बातमीपत्रांची परंपरा नवी नाही. अठराव्या शतकात महेश्वरहून पुण्याला जाणारी बातमीपत्रे द. ब. पारसनीसांनी छापली, ती विसाव्या शतकाच्या आरंभी; तोवर ती दरबाराच्या डोळ्यांपुरतीच होती. मेलिंग लिस्टवरचा वाद मात्र त्याच दिवशी सर्वांसमोर येतो आणि जपला जातो. लिनक्सचा गाभा असलेल्या कर्नलच्या यादीचे १९९० च्या दशकातले टपाल आजही शोधता येते. दुरुस्ती का नाकारली, कोणी काय आक्षेप घेतला, हे शिकवणारा गुरू जवळ नसलेल्याला हे दप्तरच गुरू होते. साधा मजकूरच पाठवा, पॅच, म्हणजे दुरुस्तीचा मजकूर, जोडपत्र म्हणून न देता पत्रातच उतरवा, उत्तर उद्धृत ओळींच्या खाली लिहा, हे नियम सोवळ्यासारखे वाटतात खरे. पण त्यांच्यामुळेच ते टपाल पंचवीस वर्षांनीही वाचता येते.

यावर इंदूरचाच एक भक्कम आक्षेप आहे. नईदुनिया या १९४७ पासूनच्या दैनिकाच्या घरातून विनय छजलानी यांनी १९९९ साली वेबदुनिया सुरू केले. हिंदीतले ते पहिले पोर्टल. पुढे मराठीतही आले. कोणत्याही यादीची वाट न पाहता एका कंपनीने इंदुरात बसून देवनागरी पडद्यावर आणली आणि तिचे वाचक मेलिंग लिस्टच्या सभासदांपेक्षा कितीतरी जास्त होते. हे मान्य करायलाच हवे. पण त्या काळात प्रत्येक पोर्टलचा फॉन्ट वेगळा असे आणि एका ठिकाणचा मजकूर दुसरीकडे चिकटवला की अक्षरांची भेळ होई. युनिकोडवर आधारलेली सामाईक देवनागरी लिनक्सवर बसवण्याचे काम इंडलिनक्ससारख्या गटांनी यादीवर चर्चा करत केले. त्यात जवळच्याच रतलामहून रविशंकर श्रीवास्तव, म्हणजे ‘रवी रतलामी’, हिंदी भाषांतराचा मोठा भार वाहत होते. पुढे केडीई हा लिनक्सवरचा डेस्कटॉप त्यांनी छत्तीसगढीतही नेला. छत्तीसगढी डेस्कटॉपला बाजार किती, हा प्रश्न कंपनीला टाळता येत नाही. यादीवर तो कोणी विचारलाच नाही.

दुसरा आक्षेप भाषेचा आणि वागण्याचा. दार सर्वांना उघडे म्हणताना ते इंग्रजीत उघडत होते, हे खरेच. ज्याला दोन ओळी सरळ लिहिता येत नव्हत्या तो नुसता वाचक राहिला. त्यातून इंडलिनक्सने अंशतःच सुटका केली. उद्धटपणाचे समर्थन मात्र मी करणार नाही. कर्नलच्या यादीवरची शिवराळ भाषा अनेक वर्षे ‘स्पष्टवक्तेपणा’ म्हणून खपवली गेली. सप्टेंबर २०१८ मध्ये लिनक्सचा जनक लिनस टोरवाल्ड्सने जाहीर माफी मागितली आणि प्रकल्पाने आचारसंहिता स्वीकारली, तीही उशिरानेच. ती भाषा आवश्यक होती असे म्हणणाऱ्यांनी त्यानंतरचा कर्नल पाहावा. काम थांबले नाही.

उरला प्रश्न काळाचा. कोडमधल्या बदलांची नोंद ठेवणारे गिट २००५ साली आले, गिटहबने पॅच पाठवणे बटणावर आणले. २०२२ मध्ये ग्नोम प्रकल्पाने आणि पायथनच्या मुख्य विकासकांनीही चर्चा यादीवरून डिस्कोर्स या वेबमंचावर हलवली. नव्या मुलाला हे सोपे पडते, यात वाद नाही. कर्नल मात्र अजून ईमेलवरच चालतो आणि तो जुन्यांच्या हट्टापायी चालतो असे म्हणणे अपुरे आहे. गिटहब २०१८ साली मायक्रोसॉफ्टने विकत घेतले, तेव्हा तिथली सारी चर्चा एका मालकाकडून दुसऱ्याकडे गेली. आता कोणी म्हणेल, इंडलिनक्सची यादीही सोर्सफोर्ज या खासगी संकेतस्थळावरच होती. होती, पण सोर्सफोर्ज उद्या बंद पडले असते तरी त्या यादीवरचे टपाल सभासदांच्या आपापल्या पेट्यांत उतरलेले होतेच.