बेळगावातला 'ब' कुणाचा?

सीमाभागात गावाचं नाव हा नुसता शब्द नसतो, तो सातबारा असतो. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेपासून इथे व्युत्पत्ती पुराव्यासारखी फेकली जाते. मीही ती फेकली आहे. काही वर्षांपूर्वी एका बैठकीत मी ठासून सांगितलं की बेळगाव हे नाव अस्सल मराठी, कारण ते 'वेळू'वरून, म्हणजे बांबूवरून आलं. मागच्या रांगेतले एक कन्नड शिक्षक शांतपणे म्हणाले, "बरोबर आहे साहेब. पण मग 'व'चा 'ब' कुठल्या तोंडात झाला?" माझ्याकडे उत्तर नव्हतं. घरी येऊन पुस्तकं काढली.

या प्रश्नाला हात घालण्याआधी हलशी पाहू, कारण तिथे सांधा स्वच्छ दिसतो. खानापूर तालुक्यातल्या या गावी कदंबांचे पाचव्या-सहाव्या शतकातले ताम्रपट सापडले. फ्लीटने ते प्रसिद्ध केले. त्यांत नाव आहे 'पलाशिका'. नंतरच्या लेखांत 'पलसिगे', 'हलसिगे', आणि आज हलशी. जुन्या कन्नडातला शब्दारंभीचा 'प' पुढे 'ह' झाला: पुलि-हुलि, पाल्-हालु, पळ्ळि-हळ्ळि. मराठीत असं होत नाही, आपला पळस पळसच राहिला. म्हणजे हलशीचं नाव काही शतकं कन्नड जिभेवर घोळलं, हे मानावंच लागतं. मूळ झाड कोणतं यावर मात्र भांडायला जागा आहे. संस्कृत वाचणाऱ्याला तिथे पळस दिसतो, कन्नड कानाला 'हलसु' म्हणजे फणस ऐकू येतो. ताम्रपट लिहिणाऱ्या पंडिताने स्थानिक नावालाच संस्कृत अंगरखा चढवला असेल, ही शक्यता मला खरी वाटते. पंडितांची ती सवयच होती.

आता बेळगाव. सौंदत्तीच्या रट्टांनी राजधानी इथे आणली. किल्ल्यातली कमल बसदी १२०४ ची, कार्तवीर्य चौथ्याच्या काळातली. त्या काळच्या लेखांत 'वेणुग्राम' आणि 'वेळुग्राम' अशी दोन्ही रूपं येतात. वेणु संस्कृत, वेळु त्याचंच प्राकृत रूप; पालीतही 'वेळुवन' आहेच. कन्नडात बांबूला 'बिदिरु' म्हणतात, तेव्हा शब्दाचा गाभा प्राकृताकडून आला असं म्हणता येतं. पण शब्दारंभीच्या 'व'चा 'ब' करणं ही कन्नडची खोड. तमिळ 'वेर्' (मूळ) कन्नडात 'बेरु' होतो, 'वा' (ये) चा 'बा' होतो. मराठीत वेळू अजून वेळूच आहे. शेपूट तर दोघांचं: 'गाव' आणि 'गावि' दोन्ही 'ग्राम'चीच लेकरं. १ नोव्हेंबर २०१४ ला सरकारी नाव 'बेळगावी' झालं तेव्हा दोन्हीकडे केवढा आवेश! पण 'बेळगाव' म्हणून छाती पुढे काढणाराही कन्नड 'ब'च उच्चारत होता, आणि 'बेळगावी'वाला प्राकृत वेळू. शिक्षकांना मी हे नंतर सांगितलं. ते हसले आणि चहा मागवला.

मोठी माणसंही या ओढाताणीतून सुटलेली नाहीत. राजवाड्यांचा ओढा संस्कृतकडे, तर शं. बा. जोशींनी गावांच्या नावांवरून कन्नडचा पसारा थेट महाराष्ट्रात दाखवला. दोघांचाही व्यासंग दांडगा. पण नुसत्या ध्वनिसाम्यावर भिस्त ठेवली की नकाशा आपल्याला हवा तसा निघतो.

निपाणीचं उदाहरण घ्या. आमची आजी म्हणायची, पाणी नाही म्हणून निपाणी. उलट अमरकोशात 'निपान' म्हणजे विहिरीजवळची जनावरांना पाणी पाजण्याची जागा. एक अर्थ कोरडा, दुसरा ओला! गंमत म्हणजे दोन्हींत धातू एकच, 'पा', पिणे. आणि ध्वनीच्या नियमांनी दोन्ही वाटा निपाणीपर्यंत पोचतात. आम्हा इंजिनिअरांच्या भाषेत, अज्ञात दोन आणि समीकरण एकच. दुसरं समीकरण जुन्या कागदांतच मिळेल. वाचकांपैकी कुणाच्या घरी निपाणकर देसाईंच्या काळातले किंवा त्याआधीचे मोडी कागद असतील, तर त्यांत गावाचं नाव कसं लिहिलंय, 'प' एक की दोन, 'न' की 'ण', एवढं पाहून मंडळाला कळवा. फोटो असेल तर उत्तम.